चाळीसचा बल्ब आणि एक गाऱ्हाणं

पावसाळ्यात आमच्या सिंधुदुर्गातल्या शिरोड्यात कपाटात बल्ब जळत ठेवतात. कपड्यांना, पुस्तकांना, चामड्याच्या वस्तूंना बुरशी धरू नये म्हणून. आमच्या घरात असे दोन बल्ब असायचे, चाळीस-चाळीसचे. एक आईच्या साड्यांच्या कपाटात, दुसरा बाबांच्या कॅसेटच्या कपाटात.

बाबांनी १९८८ साली बाजारात व्हिडिओ लायब्ररी काढली. कॅसेट कोल्हापूरहून आणि म्हापशाहून यायच्या, एसटीच्या ड्रायव्हरकडे दिलेल्या कापडी पिशवीतून. मृग लागला की त्यांचं खरं काम सुरू व्हायचं. कॅसेटच्या कडेचं बारीक बटण दाबलं की पुढची पट्टी वर उचलली जाते आणि आतली काळपट तपकिरी फीत दिसते. तिच्या कडेला पिठासारखे पांढरे ठिपके दिसले की बाबा ती कॅसेट बाजूला ठेवायचे. तशीच व्हीसीआरमध्ये घातली तर हेड खराब होतो आणि बुरशी पुढच्या कॅसेटला लागते. मग दुपारी दुकानाचं अर्धं शटर ओढून ते मागचे पाच स्क्रू काढायचे, मऊ धोतराचा तुकडा स्पिरिटमध्ये भिजवायचे, आणि एक रीळ बोटाने फिरवत फीत त्या तुकड्यातून सरकवायचे. एका चित्रपटाला अख्खी दुपार जायची. मी शेजारी बसून स्क्रू वाटीत धरायचे. त्या स्पिरिटचा वास मला अजून आठवतो, आणि बाहेर पावसाची संततधार.

गणपतीत आमच्या घरात कोणाला झोप नसायची. मुंबईहून चाकरमानी आले की वाडीवाडीतून मागणी यायची: टीव्ही, व्हीसीआर आणि तीन कॅसेट, रात्रभरासाठी. टीव्ही गोधडीत गुंडाळून रिक्षातून जायचा. कोणत्या तीन कॅसेट द्यायच्या ते बाबा ठरवायचे. एक हाणामारीचा, एक देवाधर्माचा किंवा घरगुती, आणि एक त्यांच्या पसंतीचा, जो कोणी मागितलेलाच नसायचा. त्या तिसऱ्या कॅसेटचे ते पैसे घेत नसत.

हे सगळं एका वहीत लिहिलेलं आहे. लाल कापडी बांधणीची, लांबट, किराणा दुकानात असते तशी. तारीख, घर, कॅसेट, जमा, आणि शेवटी एक रकाना शेरा. तो रकाना मी पुन्हा पुन्हा वाचते. ‘शेवट आवडला नाही.’ ‘म्हातारीने दोनदा लावला.’ ‘मुलं घाबरली, या घरी भुताचा देऊ नये.’ ‘अर्ध्यावर परत, कारण विचारणे.’ कारण विचारणे! अर्ध्यावर परत आलेल्या कॅसेटचं कारण विचारायला बाबा सायकलवर टांग मारून आरवलीपर्यंत जायचे. कधी कारण असायचं की घरात कोणी आजारी पडलं. कधी लाइट गेली. चित्रपट वाईट म्हणून परत आला असं क्वचितच.

पुढे केबल आली, आणि लायब्ररीवाल्याचा केबलवाला झाला. १९९२ मध्ये झी सुरू झाल्यावर दोनच वर्षांत माडांवरून आमची वायर खाली वेळागरपर्यंत पोहोचली. खाऱ्या हवेत कनेक्टर सहा महिन्यांत गंजायचे, जूनच्या विजांनी अॅम्प्लिफायर जळायचे. बाबांचा स्वतःचा एक चॅनेल होता, रात्री साडेनऊला त्यावर चित्रपट लागे. संध्याकाळी बाजारात लोक त्यांना अडवायचे, “आज खंयचो लावतलंस रे?” आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तेच लोक, “कसलो तो पिक्चर? शेवट झालोच नाय!”

इथे एक गोष्ट स्पष्ट लिहिते. त्या चॅनेलवर लागणाऱ्या बहुतेक चित्रपटांचे हक्क बाबांकडे नव्हते. ज्यांनी ते चित्रपट बनवले त्यांना आमच्या गावातून दमडी गेली नाही. त्या काळी हे सगळेच करत होते, पण ते चूक होतं. आज माझंच पोट चित्रपटांच्या धंद्यावर चालतं, त्यामुळे मला ते जास्त लागतं.

मी सबटायटल करते. गेली आठ वर्षं. मुंबईतली एक कंपनी प्लॅटफॉर्मकडून काम घेते, ती मला फाइल पाठवते, आणि मी माडीवरच्या खोलीत बसून मराठी चित्रपट-मालिकांचे संवाद मराठी मथळ्यांत उतरवते, मग त्यांचं इंग्रजी करते. बाबांची वही माझ्या टेबलावर असते. या दोन धंद्यांमध्ये काय बदललं, याचा विचार मी रोज करते.

नेटफ्लिक्स आज केवढी मोठी आहे हे सगळ्यांना माहीत आहे, पण ती सुरू कशी झाली ते आमच्या इथे फार जणांना माहीत नसतं. १९९७ साली स्थापन झालेली ही कंपनी अमेरिकेत टपालाने डीव्हीडी भाड्याने द्यायची. लिफाफ्यातून डीव्हीडी घरी येणार, बघून झाली की लिफाफ्यातून परत. म्हणजे बाबांचाच धंदा. इथे एसटीचा ड्रायव्हर, तिथे पोस्टमन. २००७ मध्ये त्यांनी इंटरनेटवरून चित्रपट दाखवायला सुरुवात केली, २०१३ मध्ये स्वतः पैसे घालून केलेल्या मालिकेचे तेराच्या तेरा भाग एका दिवशी सोडले, आणि जानेवारी २०१६ मध्ये भारतात आले. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये जिओ आलं, डिसेंबरमध्ये प्राइम व्हिडिओ. ग्रामीण भागातल्या केबलसाठी सेट टॉप बॉक्सची शेवटची मुदत ३१ मार्च २०१७ होती. आमच्या वायरवर तेव्हा दोनशे दहा घरं होती. बाबांनी एकेका घरी जाऊन हिशेब मिटवला आणि वायर गुंडाळली. नेटफ्लिक्सची ती टपालवाली डीव्हीडी मात्र सप्टेंबर २०२३ पर्यंत चालू होती. हे वाचलं तेव्हा मला फार बरं वाटलं, का ते सांगता येणार नाही.

चित्रपट कोणी बनवायचा आणि कोणी दाखवायचा, हे दोन हात वेगळे असावेत की एकाच माणसाचे, हा वाद जुना आहे. अमेरिकेत मोठे स्टुडिओ स्वतःच चित्रपट बनवायचे आणि स्वतःच्याच थिएटरांत लावायचे. बाहेरच्या थिएटरवाल्याला एक चांगला चित्रपट हवा असेल तर त्याच्यासोबत चार पडके चित्रपट घ्यावे लागत. १९४८ साली तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने याविरुद्ध निकाल दिला आणि मोठ्या स्टुडिओंना थिएटरं सोडावी लागली. त्या खटल्यातून आलेली बंधनं २०२० मध्ये न्यायालयाने उठवली. तोवर थिएटर खिशात आलं होतं.

आता आपल्याकडचं बघा. नोव्हेंबर २०२४ मध्ये रिलायन्स आणि डिस्नेचे भारतातले मनोरंजनाचे व्यवसाय एकत्र झाले, फेब्रुवारी २०२५ मध्ये जिओहॉटस्टार सुरू झालं. चित्रपट बनवणारा स्टुडिओ, टीव्हीचे चॅनेल, मोबाइलवरचा प्लॅटफॉर्म आणि तो मोबाइलपर्यंत आणणारं नेटवर्क, सगळं एकाच छपराखाली. बाबांकडे फक्त वायर होती. बनवणारा दुसरा, दाखवणारा दुसरा, आणि बघणारा तर रोज बाजारात भेटणारा.

एकाच छपराखाली असणं वाईटच असतं असं मी म्हणणार नाही. प्रभात फिल्म कंपनीत नट, कॅमेरावाले, सुतार, रंगारी सगळे महिन्याच्या पगारावर होते, आणि त्या छपराखालीच १९३६ चा ‘संत तुकाराम’ झाला. त्याच वर्षी कोल्हापुरात मास्टर विनायक, बाबूराव पेंढारकर आणि पांडुरंग नाईक यांनी हंस पिक्चर्स काढली, आणि त्यांच्या पहिल्या चित्रपटाची कथा आमच्या शिरोड्यातून गेली. वि. स. खांडेकर १९२० पासून इथल्या शाळेत शिकवत होते. ‘छाया’ लिहिला तेव्हा ते शिरोड्याचे मास्तरच होते. मिठागरांच्या गावातल्या शिक्षकाला घाटावरच्या स्टुडिओने विचारलं, तुम्ही आमच्यासाठी लिहा. स्टुडिओ चालवणारी माणसं स्वतः कथा वाचायची, लेखक समोर बसलेला असायचा. माझ्या मनात स्टुडिओ म्हटलं की हे चित्र येतं.

आज फाइल पाठवणारा माझ्यासमोर बसत नाही. माझ्या कंपनीतल्या मुलीलाही वरचा माणूस माहीत नसतो. वरून येतात ते आकडे, आणि तेही अर्धेच. चित्रपट ‘बघितला’ म्हणजे किती बघितला? २०२० च्या सुमारास नेटफ्लिक्स दोन मिनिटं बघितलं तरी बघितलं असं धरत होती. त्याआधी सत्तर टक्के भाग बघावा लागे. पुढे एकूण तास मोजायला लागले, मग २०२३ पासून एकूण तासांना चित्रपटाच्या लांबीने भागायला लागले. मोजमाप बदललं की लिहिणं बदलतं. मला ते समोर दिसतं, कारण मी प्रत्येक वाक्य सेकंदाच्या हिशेबाने ऐकते. पहिल्या दोन-तीन मिनिटांत एक खून, एक किंकाळी किंवा एक रहस्य आलंच पाहिजे. आणि अलीकडे माणसं पडद्यावर जे करतात तेच तोंडाने सांगतात. बाई कपाट उघडते आणि म्हणते, “हे बघ, मी कपाट उघडलं.” बघणारा हातातल्या दुसऱ्या फोनमध्ये गुंतला असेल असं धरून ते वाक्य लिहिलेलं असतं. मला अशी वाक्यं मथळ्यात उतरवताना वाईट वाटतं. लिहिणाऱ्याला ते नको होतं, हे कळतं.

अमेरिकेतले लेखक २ मे २०२३ ला संपावर गेले आणि १४८ दिवस थांबले. पैशांचा प्रश्न होताच, यंत्राकडून लिहून घेण्याचाही होता. पण मला त्यातली एक मागणी सगळ्यात जवळची वाटली: आमचं लिहिलेलं किती जणांनी बघितलं ते आम्हाला सांगा. एवढी साधी गोष्ट मागायला माणसांना रस्त्यावर बसावं लागलं. करारात शेवटी आलं की बघितलेल्या तासांचे आकडे संघटनेला गुप्ततेच्या अटीवर द्यायचे, आणि पहिल्या ९० दिवसांत देशातल्या २० टक्के वर्गणीदारांनी मालिका बघितली तर लेखकाला जादा मोबदला. त्या वर्षीच्या डिसेंबरात नेटफ्लिक्सने १८,००० हून जास्त नावांचे तास जाहीर केले. तासच. ‘अर्ध्यावर परत, कारण विचारणे’ हा रकाना त्यात नाही. म्हातारीने दोनदा लावला की लाइट गेली, हे तासांवरून कळत नाही.

आमच्याच घरात आईच्या फोनवर आणि माझ्या फोनवर एकाच चित्रपटाचं चित्र वेगळं दिसतं. तिला नायक-नायिका जवळ उभे असलेले, मला अंधारातला एक चेहरा. नेटफ्लिक्सने हे लपवलेलं नाही, ज्याची जशी आवड तसं चित्र. पण तिसरी कॅसेट कुठे आहे? न मागितलेली? तुला हे आवडलं म्हणून तसंच आणखी, असं करत करत आईला गेल्या वर्षभरात एकाच साच्याच्या मालिका दाखवल्या गेल्या. मी तिच्या फोनवर मुद्दाम एक जुना कृष्णधवल चित्रपट शोधून लावला तेव्हा ती म्हणाली, “ह्या हयसर होता? माझ्यापुढे कधी इलाच नाय.”

आणि जे आहे ते राहीलच असंही नाही. करार संपला की चित्रपट निघून जातो, कोणाला कळतही नाही. २०२२ मध्ये वॉर्नर ब्रदर्सने चित्रीकरण पूर्ण झालेला ‘बॅटगर्ल’ कधीच प्रदर्शित करायचा नाही असं ठरवलं, करात सूट घेण्यासाठी. शेकडो माणसांची मेहनत, आणि ती बघण्याचा हक्क जगात कोणालाच नाही. बुरशी लागलेली फीत बाबांनी अख्खी दुपार घालून वाचवली, आणि इथे धडधाकट चित्रपट कागदावर मारला गेला.

तरीही प्लॅटफॉर्मने आमच्या भागाला काही दिलं नाही असं म्हटलं तर खोटं होईल. आमच्या जवळपास थिएटर नाही. मोठ्या पडद्यासाठी पणजी गाठायची, येण्याजाण्याचे तीन तास आणि चौघांचं तिकीट. हिंदी चित्रपट थिएटरनंतर आठ आठवड्यांनी प्लॅटफॉर्मवर येणार, असा मल्टिप्लेक्सवाल्यांचा आग्रह असतो. मुंबईकराला ते थांबणं असेल, आम्हाला ती प्रदर्शनाची तारीख आहे. २०२१ च्या मार्चमध्ये ‘पिकासो’ हा मराठी चित्रपट थेट प्राइम व्हिडिओवर आला. गोष्ट आमची, दशावतारी नटाची आणि त्याच्या चित्रं काढणाऱ्या मुलाची. आमच्या ओसरीवर अकरा माणसांनी तो एका फोनवर बघितला, फोन तांदळाच्या डब्याला टेकवून. त्यात एक दशावतारात काम करणारे काका होते. ते शेवटपर्यंत उभ्यानेच बघत होते. आणि २०२५ च्या सप्टेंबरात ‘दशावतार’ थिएटरात आला तेव्हा आम्ही गाडी करून गोव्याला गेलो. एक्याऐंशी वर्षांचे दिलीप प्रभावळकर त्यात मालवणी बोलत होते आणि आमच्या रांगेतला प्रत्येक माणूस पुढचा शब्द आधीच पुटपुटत होता. दोन्ही अनुभव माझ्यासाठी खरे आहेत, एकाला खरा आणि दुसऱ्याला दुय्यम म्हणणार नाही.

जत्रेच्या रात्री बाबा आपला चॅनेल बंद ठेवायचे. घरी कोणी नसायचंच. दशावताराला लिखित संवाद नसतात. खेळाआधी रंगपटात मुख्य नट आख्यान सांगतो, कोण कोणाला कुठे भेटतो ते ठरतं, आणि बाकी सगळं बाकड्यासमोर उभं राहिल्यावर. बघणारे जागे असले तर युद्ध वाढतं, पेंगायला लागले तर पखवाजवाला त्यांना उठवतो. पहाटे दहीकाला. तिथे नट आणि बघणारा यांच्यामध्ये कोणीच नसतं. मला मनोरंजनाची मोजपट्टी म्हणून तेच आठवतं.

आता त्या गाऱ्हाण्याबद्दल. दोन वर्षांपूर्वी माझ्याकडे एक मालिका आली होती, नाव सांगत नाही. कोकणात घडणारी, म्हणजे पाऊस, विहीर, बंद वाडा आणि भूत. (कोकण म्हटलं की भूतच का, हा वेगळा विषय आहे आणि त्यावर मी लिहिणार आहे.) तिसऱ्या भागात देवळात गाऱ्हाणं होतं, म्हणजे सगळ्यांच्या वतीने देवाला मोठ्याने घातलेलं साकडं. गुरव सांगतो, “बारा गावच्या, बारा वयवाटीच्या देवा म्हाराजा, ही लेकरां आज तुझ्या पायाकडे इली हत, म्हाराजा…” आणि सगळे, “व्हय म्हाराजा!” “त्यांच्या वाटेत काय वाकडा-तिकडा असात ता दूर कर, म्हाराजा…” “व्हय म्हाराजा!”

मला दिलेल्या नियमांत एका मथळ्यात दोन ओळी, एका ओळीत ४२ अक्षरं. गाऱ्हाणं म्हणणारा श्वास न घेता बोलतो, त्यामुळे कापावं लागतंच. मी कापलं. ‘बारा वयवाटी’ गेली, ते मला अजून टोचतं. पण ‘व्हय म्हाराजा’ मी प्रत्येक वेळी ठेवलं, सातच्या सात वेळा, मराठी मथळ्यात जसंच्या तसं. फाइल परत आली. शेरा होता, बोली शब्द प्रमाण मराठीत करावेत, आणि जमावाचे उद्गार एकदाच दाखवावेत. म्हणजे सातऐवजी एक, तोही कंसात: जमाव होकार देतो.

मी पानभर उत्तर लिहिलं. हा होकार नाही, हे लिहिलं. गाऱ्हाणं एकट्याचं नसतं, मागचा प्रत्येक माणूस दर वेळी ते आपल्या अंगावर घेतो, म्हणून ते सात वेळा आहे, हे लिहिलं. ज्याला ऐकू येत नाही असा आमच्या गावातला माणूस ही मालिका बघेल तेव्हा त्याला देवळातला आवाज या मथळ्यातूनच मिळणार, हेही लिहिलं. कंपनीतल्या मुलीने ते वर पाठवलं. तिने सांगितलं, ताई, तुमचं पटलंय म्हणे. मी शांत झाले. मालिका आली तेव्हा आईच्या शेजारी बसून तिसरा भाग लावला, मथळे चालू ठेवून. गुरवाचं बोलणं प्रमाण मराठीत होतं. खाली कंसात, एकदाच, जमाव होकार देतो. कुठल्या टप्प्यावर कोणी बदललं ते मला आजतागायत कळलेलं नाही. विचारायला सायकलवर टांग मारून जावं असं कोणाचं घरच नाही.

आईने मथळे वाचले नाहीत. तिने पडद्याकडे बघून हात जोडले आणि सातही वेळा मोठ्याने म्हटलं.

त्या रात्री मी बाबांची वही उघडली. शेवटची चाळीसेक पानं कोरी आहेत. तारीख घातली, घर म्हणून आमचंच नाव, कॅसेटच्या रकान्यात मालिकेचं नाव, आणि शेऱ्यात सात वेळा ते दोन शब्द. तेव्हापासून प्रत्येक फाइलला एक ओळ. काय कापलं, का कापलं, कोणी कापलं ते कळलं तर ते.

गेल्या सोमवारी नवी फाइल आली आहे. यात जत्रा आहे, आणि गाऱ्हाणं तीन मिनिटं चाळीस सेकंदांचं. शनिवारी द्यायची आहे. अकरा वेळा ‘व्हय म्हाराजा’ लिहून झालंय, ‘बारा वयवाटी’ दोन ओळींत कशी बसवायची ते अजून सुटत नाही. आज सकाळी एक जमल्यासारखं वाटतंय, संध्याकाळी आईला वाचून दाखवते.